कॅमेऱ्यासाठी कर्ज काढू का, असं विचारणाऱ्या साखळीच्या मुलाला

प्रश्न थोडक्यात असा आहे. गोव्यातल्या साखळीचा चोवीस वर्षांचा मुलगा, बीकॉम झालाय, तीन वर्षं लग्नं आणि प्री-वेडिंग शूट करतोय आणि त्याला आता फिल्मचा कॅमेरामन व्हायचंय, मोठ्या बॅनरचा नाही, छोट्या स्वतंत्र सिनेमांचा. त्याने चार गोष्टी विचारल्यात. सहा लाखांचं कर्ज काढून सिनेमा कॅमेरा घेऊ का, पुण्याला एफटीआयआयला, म्हणजे सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटला, गेलंच पाहिजे का, गोव्यात राहून हे जमेल का, आणि पोट भरेल का. सोबत एका लग्नातली क्लिप पाठवलीय, तिच्यावर शेवटी बोलतो.

कर्जाचं आधी सांगतो कारण ते तू पुढच्या महिन्यात करायला निघालायस. नको काढू. कॅमेरा वाईट आहे म्हणून नव्हे, चांगलाच आहे, मी स्वतः त्याच्यावर काम केलंय. पण हप्ता सुरू झाला की तुझं कॅलेंडर तुझं राहत नाही. आपल्याकडे तुळशीचं लग्न झालं की लग्नाचा सीझन सुरू होतो तो मेपर्यंत चालतो, आणि गोव्यात फिल्मचं शूटिंग कधी चालतं, तर पाऊस ओसरला की ऑक्टोबर ते मे, म्हणजे तेच महिने. उद्या एखादा डायरेक्टर फोन करून म्हणाला की जानेवारीत बावीस दिवस पाहिजेत, त्याआधी पंधरा दिवस रेकीला (शूटिंगच्या जागा आधी बघून येणं) आणि तयारीला पाहिजेत, पैसे फार नाहीत पण स्क्रिप्ट चांगलं आहे, तर हप्ता असलेला माणूस काय करणार, तो जानेवारीतली सात लग्नं सोडू शकत नाही. मी दोन फिल्म अशाच सोडल्यात, २०११ आणि २०१२ ला, तेव्हा माझ्यावर एका डीएसएलआर किटचं आणि गाडीचं कर्ज होतं. त्यातली एक फिल्म मी नंतर पणजीला थिएटरात बसून बघितली आणि प्रत्येक सीनला वाटत होतं की हे मी केलं असतं. ते अजून जात नाही मनातून.

म्हणून ते सहा लाख तुझ्याकडे असते तरी मी म्हटलं असतं की तसेच ठेव, तुला सहा-आठ महिने कुणाचंही काम न घेता जगता आलं पाहिजे तेवढे. स्वतंत्र सिनेमात कॅमेरामनचा जो खरा माल आहे तो वेळ आहे. लाइट कमी, माणसं कमी, दिवस कमी, मग जे काही चांगलं दिसतं ते कुठून येतं? तू त्या जागेवर आधी किती वेळा गेलास, किती वाजता गेलास, तिथे उन्हाचा पट्टा कधी कुठे पडतो हे तुला माहीत आहे का, ह्याच्यातून येतं. कॅमेरा भाड्याने मिळतो, लेन्स भाड्याने मिळते, मुंबईहून रात्रीच्या गाडीने किट येतं, सोबत अटेंडंट येतो (त्याचा भत्ता, राहणं-जेवण आणि प्रवासाच्या दिवसांचं भाडं किती, हे आधी बोलून घे, नाहीतर प्रॉडक्शनवाला ऐनवेळी तुझ्याकडे बघतो). तू दिलेला वेळ मात्र कुणी भाड्याने देत नाही.

आता गोव्याचा उजेड, कारण ह्याच्यावर मला सगळ्यात जास्त सांगायचंय आणि ह्या बाबतीत तू मुंबईच्या पोरांच्या पुढे आहेस, फक्त तुला ते अजून माहीत नाही.

आपण साधारण साडेपंधरा अंशांवर आहोत. त्याच्यामुळे मेच्या पहिल्या आठवड्यात आणि परत ऑगस्टमध्ये सूर्य दुपारी बरोबर डोक्यावर येतो, शून्य सावली दिवस म्हणतात तो. मे महिन्यात साडेअकरा ते अडीच ह्या वेळात माणूस उघड्यावर उभा केलास तर डोळ्यांच्या जागी दोन काळी भोकं दिसतात, नाकाची सावली ओठावर येते, कितीही महाग कॅमेरा आण. मग तू काय करतोस, त्या वेळात आतले सीन लावतोस. हे तुला पहिल्या दिवशी सकाळी असिस्टंट डायरेक्टरला सांगून चालत नाही, शेड्यूल बनत असतानाच त्याच्या शेजारी बसून सांगावं लागतं. मी तर म्हणतो चांगल्या इंडी, म्हणजे स्वतंत्र सिनेमाच्या, कॅमेरामनची निम्मी लाइटिंग शेड्यूलच्या कागदावर होते. आणि संध्याकाळ आपल्याकडे पटकन संपते. सूर्य बुडाल्यावर जो मऊ निळा उजेड राहतो तो युरोपातल्या व्हिडिओत तासभर दिसतो, आपल्याकडे वीस-पंचवीस मिनिटं धर. डिसेंबरात सूर्य सहाच्या सुमारास जातो, जूनमध्ये सातनंतर. दिवाडी बेटाच्या फेरीबोटीवर मला एक सीन त्या उजेडात करायचा होता, फेरी एकदा पलीकडे गेली की परत येऊन लागेपर्यंत निळा उजेड अर्धा गेलेला, म्हणजे दिवसाला एक टेक, फार तर दोन. आम्ही तो सीन तीन संध्याकाळी केला आणि मधल्या वेळात दुसरं काम लावलं. तीन संध्याकाळचं आभाळ वेगवेगळं होतं म्हणून शॉट असे पाडले की आभाळ फक्त एकाच शॉटमध्ये दिसेल. हे सगळं आधी दोन वेळा फेरीने उगाच ये-जा केली होती म्हणून सुचलं.

मग रंग. तू साखळीचा, तुला लाल माती नवीन नाही, पण ती माती उन्हात खालून चेहऱ्यावर लाल-नारिंगी उजेड फेकते, हनुवटीखाली बघ. आणि पावसात किंवा कुळागरात (माड-पोफळीच्या बागेत) शूट केलंस की सगळीकडून हिरवा. माडा-पोफळीतून गाळून आलेला उजेड वरून हिरवा, खालचं गवत हिरवं, माणूस आजारी असल्यासारखा दिसतो. ग्रेडमध्ये, म्हणजे शूटनंतर कॉम्प्युटरवर रंग नीट करताना, काढू म्हणतात लोक, पण तिथे चेहऱ्यातला हिरवा काढायला गेलं की झाडांचाही मरतो आणि कुळागर सुकल्यासारखं दिसतं, मग चेहरा वेगळा मास्क करत बसा, त्याचा टाइम कलरिस्ट वेगळा लावतो. जागेवर सोपं आहे: चेहऱ्याच्या जवळ एका बाजूने पांढरं थर्माकोल, आणि फ्रेमच्या खाली गवतावर काळा कपडा पसरायचा, की खालून येणारा हिरवा बंद. दोनशे रुपयांचं काम आहे. थर्माकोल जितकं जवळ तितका त्याचा जोर, अंतर दुप्पट केलंस की उजेड जवळजवळ चौथा हिस्सा उरतो. म्हणून लाइटवाल्या दादाला "थोडं मागे" सांगताना विचार करून सांगायचं.

आणि घरं. जुन्या घरांत शिंपल्यांची तावदानं अजून कुठे कुठे आहेत, त्यातून आलेला उजेड दिव्यापुढे लावायच्या कुठल्याच डिफ्यूजनने (उजेड मऊ करणारं कापड किंवा कागद) मला कधी तसा मिळाला नाही. कौलारू घरात मधेच एखादं काचेचं कौल असतं, त्याचा कवडसा सकाळी नऊला भिंतीवर असतो आणि अकराला जमिनीवर. त्याचं टाइमटेबल वहीत लिहून ठेव.

एक प्रसंग सविस्तर सांगतो. डिचोली तालुक्यातलं एक मोठं जुनं घर, आत राजांगण (घराच्या मधलं उघडं अंगण), मधे तुळस, चारही बाजूंनी ओसरी. सीन असा की म्हातारी राजांगणात बसून सुपात तांदूळ निवडतेय आणि तिचा मुलगा ओसरीवर खांबाला टेकून उभा आहे, दोघं जमीन विकण्याबद्दल बोलतायत, पाच-सहा मिनिटांचा सीन, डायरेक्टरला तो मोठ्या सलग शॉटमध्ये हवा होता. मार्च महिना. मी रेकीला सकाळी आठ वाजता गेलो होतो, तेव्हा सगळं सुंदर, राजांगणात सावली, सगळीकडे सारखा मऊ उजेड. शूटच्या दिवशी कलाकार उशिरा आला आणि आम्ही साडेअकराला उभे राहिलो. राजांगणात ऊन धबाधबा वरून, म्हातारीचं पांढरं लुगडं जळतंय, आणि ओसरीवरचा मुलगा काळोखात. म्हातारीवर एक्स्पोजर धरावं तर मुलगा दिसत नाही, मुलगा बघावा तर म्हातारी उडून जाते. लाइट म्हणजे आमच्याकडे दोन एलईडी पॅनल, त्या उन्हासमोर ते पेटवले काय न पेटवले काय.

चूक माझी होती, मी रेकी एकाच वेळेला केली होती. तेव्हा मला सत्यजित रायांचे कॅमेरामन सुब्रत मित्र यांची गोष्ट आठवली. १९५६ च्या 'अपराजितो'साठी बनारसच्या घराचं अंगण कलकत्त्याच्या स्टुडिओत उभं केलं होतं आणि उघड्या आकाशाचा उजेड वाटावा म्हणून त्यांनी अंगणावर पांढरं कापड ताणून खालून दिवे त्याच्यावर मारले, की तो उजेड परत खाली मऊ होऊन पडेल. बाउन्स लाइट आज आपण रोज वापरतो तो असा. आमच्याकडे उलटं होतं, आम्हाला खरं आकाश होतं आणि ते जास्त होतं. घरातल्या आजींना विचारलं, पांढरं पातळ कापड आहे का, धोतर वगैरे. त्यांनी पेटीतून त्यांच्या यजमानांची तीन जुनी धोतरं काढली, धुऊन धुऊन मऊ झालेली, म्हणाल्या, "पुता, हें जाता काय पळय" (बाळा, हे चालतंय का बघ). ती तिन्ही टाके घालून एकत्र केली (आमच्या कॉस्च्युमच्या मुलीने वीस मिनिटांत), चार कोपऱ्यांना सुंभ बांधून ओसरीच्या खांबांना ताणलं. ऊन कापडातून गाळून खाली आलं, राजांगण दोन-अडीच स्टॉप खाली आलं (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा), आणि मग ओसरीवर मुलाच्या अलीकडे फ्रेमच्या बाहेर दोन थर्माकोल उभी केली, ती राजांगणाचाच उजेड आत फेकत होती. झालं. मग वारा सुटला. वाऱ्याने धोतर फुगायचं आणि म्हातारीच्या चेहऱ्यावरचा उजेड कमी-जास्त व्हायचा, पहिले चार टेक त्याच्यातच गेले. शेवटी कापडाच्या मधून एक दोरी खाली घेऊन एक मुलगा फ्रेमच्या बाहेर ती धरून बसला. पाचवा टेक फिल्ममध्ये आहे. त्यात तिसऱ्या मिनिटाला वारा येऊन उजेड किंचित हलतो, नेमका म्हातारी गप्प होते तिथे. डायरेक्टरने तोच ठेवला.

त्या दिवसापासून मी प्रत्येक लोकेशन दोनदा बघतो, एकदा सकाळी आणि एकदा ज्या वेळेला सीन आहे त्या वेळेला. प्रॉडक्शन पेट्रोलचे पैसे देत नसेल तर स्वतःचे घालून जातो.

आता काही टेक्निकल गोष्टी ज्या तुला लग्नातून आलेल्या सवयींमुळे नडतील. तू स्लो-मोशन सेकंदाला ६० फ्रेमवर घेतोस, तुझ्या क्लिपमध्येही मंडपातल्या एलईडी माळा लुकलुकतायत. आपली वीज ५० हर्ट्झची आहे, दिवे सेकंदाला शंभरदा कमी-जास्त होतात, म्हणून आपल्याकडे ५० फ्रेम घे, ६० नको. आणि फिल्म २४ फ्रेमवर करशील तेव्हा शटर १८० अंशांवर ठेवलंस की प्रत्येक फ्रेमला उजेड मिळायचा वेळ सेकंदाचा १/४८ होतो आणि ट्यूबलाइटखाली हळू हळू लाट फिरल्यासारखी दिसते, तिथे १७२.८ अंश ठेव, म्हणजे बरोबर १/५०. मॉनिटरवर दिसत नाही, थिएटरात दिसतं. स्वस्तातले एलईडी बल्ब तरीही दगा देतात, म्हणून ज्या घरात शूट आहे तिथले बल्ब रेकीलाच पाच सेकंद शूट करून बघ.

दुसरं, चेहऱ्याचं एक्स्पोजर. इंग्रजी व्हिडिओत सांगतात चेहरा ७० टक्क्यांवर ठेवा (मॉनिटरवरच्या उजेडाच्या मापात, शून्य काळा आणि शंभर पांढरा), ते गोऱ्या कातडीसाठी आहे. आपला सावळा माणूस ७० वर नेलास की तो धुतल्यासारखा दिसतो, त्याच्या रंगातली जी खोली आहे ती जाते. आपल्याला ४५-५० च्या आसपास बरं दिसतं, काळ्यासावळ्याला त्याच्याही खाली, पण ते डोळ्याने ठरव. आणि ह्याच्या उलट चूकही नवीन मुलं करतात, मूडच्या नावाखाली सगळंच अंडर शूट करतात आणि मग ग्रेडला वर ओढलं की काळोखात मुंग्या चालल्यासारखे दाणे दिसतात. काळोख पाहिजे तर फ्रेममध्ये एक तरी गोष्ट नीट उजळ ठेव, समईची ज्योत, दाराची फट, काहीही, त्याच्यामुळे बाकीचा काळोख काळोख वाटतो. हे मी कॅमेऱ्यावर नाही शिकलो. आमच्या गावात देवळाच्या उत्सवात नाटकं व्हायची, माझा मामा लाइट बघायचा. तो त्याच्या तरुणपणी मिठाच्या पाण्याच्या पिंपात पट्ट्या वर-खाली करून दिवे मंद करायचे तिथपासूनचं सांगायचा. तो म्हणायचा की सगळे दिवे घालवलेस तर लोक बोलायला लागतात, एक ठेवलास तर गप्प होतात. पेडण्याकडे जाऊन दशावतार बघ, फोंड्यात उत्सवाची नाटकं बघ, पण ह्या वेळी लाइट कुठून येतोय ते बघत बघ.

आणि ओलावा. ह्याच्यावर कुणी बोलत नाही पण गोव्यात लेन्सचा सगळ्यात मोठा शत्रू तो आहे. माझी एक जुनी ८५ एमएमची लेन्स जून ते ऑगस्ट बॅगेत राहिली, काढली तर आत कोळ्याच्या जाळ्यासारखी बुरशी, कोटिंगपर्यंत गेलेली, साफ करूनही तिचा कॉन्ट्रास्ट परत आला नाही. ड्राय कॅबिनेट घे, ४० ते ५० टक्क्यांवर ठेव, ते जमत नसेल तर हवाबंद डबा आणि सिलिका जेल, आणि ते जेल रंग बदललं की तापवून सुकव, नुसतं टाकून ठेवून उपयोग नाही. शूटच्या दिवशी एसी खोलीतून कॅमेरा सरळ बाहेर काढू नको, पुढच्या काचेवर वाफ धरते ती तू पुसशील पण आतल्या काचांवरची पुसता येत नाही. बॅगेतच बंद ठेवून अर्धा तास आधी बाहेर आणून ठेव. हे कॉल टाइममध्ये धरायचं.

डेटाबद्दल थोडक्यात: तीन कॉप्या, दोन वेगळ्या प्रकारच्या ड्राइव्हवर, एक दुसऱ्या घरात, आणि कॉपी करताना चेकसम लावणारं, म्हणजे कॉपी मूळासारखीच झालीय का हे तपासणारं, सॉफ्टवेअर. कार्ड फॉरमॅट करायचा हक्क युनिटमध्ये एकाच माणसाला. एका शॉर्ट फिल्मला हे नव्हतं आणि आमचं अर्ध्या दिवसाचं काम गेलं, जिच्यावर ते सगळं शूट केलं होतं त्या मुलीला परत तसं रडता आलं नाही. ह्याच्यावर अजून काय सांगू.

एफटीआयआयचं. जमत असेल तर जा, प्रवेश परीक्षा दे, तुझी पदवी झालेली आहे म्हणजे दारं उघडी आहेत, कलकत्त्याचं सत्यजित राय इन्स्टिट्यूट पण बघ. तीन वर्षं तुला कुणी लग्नाची तारीख विचारणार नाही, परत वेळच झाला तो, आणि तुझ्या बरोबरचे डायरेक्शनवाले पुढची वीस वर्षं तुला फोन करतात. नाही मिळालं तर थांबू नको. दोन उदाहरणं बघ, दोन्ही माझ्या फार जवळची. अविनाश अरुण एफटीआयआयमधून आला, कॅमेरामन, त्याने 'किल्ला' स्वतःच दिग्दर्शित केली आणि स्वतःच शूट केली, कोकणातल्या पावसात, २०१४ ला बर्लिनला मुलांच्या ज्युरीचा क्रिस्टल बेअर मिळाला. त्या फिल्ममधला पाऊस आपल्या अंगणातला पाऊस आहे. आणि रीमा दास, कुठल्याच फिल्म स्कूलला न जाता आसाममधल्या स्वतःच्या गावात, गावच्या मुलांना घेऊन, लेखन दिग्दर्शन कॅमेरा एडिटिंग सगळं स्वतः, काही वर्षं लावून 'व्हिलेज रॉकस्टार्स' केली आणि तिला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तिने तेवढी वर्षं दिली म्हणून ती मुलं कॅमेऱ्यासमोर वाढलेली दिसतात.

ह्या दोन्हींच्या मधला रस्ता म्हणजे असिस्ट करणं, आणि तुला मी तोच सांगेन. बाहेरची युनिटं गोव्यात येतात, त्यांना इथला लाइन प्रोड्युसर (जागेवरची सगळी व्यवस्था बघणारा) लागतो, त्यांच्याकडे जा आणि सेकंड असिस्टंट म्हणून, क्लॅप द्यायला, बॅटऱ्या चार्ज करायला उभा राहा. तुला वाटेल मी तीन वर्षं स्वतः शूट करतोय आणि आता क्लॅप देऊ? दे. फोकस पुलिंग शीक, म्हणजे शॉट चालू असताना लेन्सचा फोकस माणसावर धरून ठेवणं. चांगल्या फोकस पुलरला कामाची कमी नाही आणि तो मॉनिटरजवळ, कॅमेऱ्याजवळ, सगळ्यात जवळून डीओपी (फिल्मचा मुख्य कॅमेरामन) कसा विचार करतो ते बघतो. मी पाच वर्षं फोकस ओढला आणि त्यातून जे पैसे आले त्याच्यावर माझ्या पहिल्या दोन फिल्म झाल्या. मुंबईत युनिटवर काम करायला लागशील तेव्हा असोसिएशनचं कार्ड लागेल, वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशन, ते त्या वेळी बघ.

गोव्यात राहून जमेल का. २००४ ला इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, गोव्यात आला तेव्हा मी कॉलेजला होतो, पणजीला कला अकादमीत आणि आयनॉक्सला रांगा लावून दिवसाला चार-चार फिल्म बघितल्या, बसचं शेवटचं टायमिंग चुकवून मित्राच्या खोलीवर झोपलो. त्याच्या आधी मला जगातला सिनेमा बघायला पुण्या-मुंबईला जावं लागलं असतं. आता तो दर नोव्हेंबरला तुझ्या घरापासून तासाभराच्या आत आहे. २००७ पासून एनएफडीसीचा (सरकारी चित्रपट विकास महामंडळ) फिल्म बझार, आता त्याला वेव्हज फिल्म बझार म्हणतात, पण तेव्हाच भरतो, तिथे देशभरचे डायरेक्टर हातात स्क्रिप्ट घेऊन फिरतात. २०२१ पासून इफ्फीत ३५ वर्षांखालच्या मुलांसाठी क्रिएटिव्ह माइंड्स म्हणून निवड असते, तिच्यात सिनेमॅटोग्राफी हा वेगळा विभाग आहे, अर्ज कर. आणि त्या आठवड्यात लग्न घेऊ नको. नोव्हेंबरच्या त्या नऊ दिवसांत तू आत असशील की बाहेर मंडपात, ह्याच्यावर पुष्कळ ठरतं. बझारमध्ये कार्ड वाटत फिरायचं नाही, एखाद्या डायरेक्टरची फिल्म बघितलेली असेल तर तिच्यातल्या एखाद्या शॉटबद्दल बोल, कॅमेऱ्याबद्दल नको. माझ्या दुसऱ्या फिल्मचा डायरेक्टर मला चहाच्या रांगेत भेटला, आम्ही अर्धा तास पावसाबद्दल बोललो, त्याने दीड वर्षाने फोन केला.

तू इथे राहतोस हेही तुझं काम आहे. बाहेरून येणाऱ्या डायरेक्टरला कुठलं घर, कुठला पाट, कुठली खाजन शेती (खाडीकाठची बांध घातलेली शेतं) कधी पाण्याखाली असते हे माहीत नसतं. शूटिंगची परवानगी एंटरटेन्मेंट सोसायटीकडून घ्यायची, जुन्या गोव्यातल्या चर्चसाठी पुरातत्त्व खात्याची वेगळी, ड्रोन दाबोळीच्या आसपास उडवायचा विचारही करायचा नाही कारण तो नौदलाचा तळ आहे, ही सगळी माहिती तू पहिल्या मीटिंगला दिलीस तर त्याला कळतं की हा माणूस नुसता कॅमेरा धरणारा नाही.

पैसे. खरं सांगतो, नुसत्या इंडी फिल्मवर मी एकही वर्ष काढलं नाहीये. वर्षात एक फिल्म, कधी तीही नाही, बाकी डॉक्युमेंटरी, एनजीओची कामं, हॉटेलांच्या जाहिराती, फोकस पुलिंग. लग्नं तू एकदम सोडू नको, पण वर्षाची किती ते आधीच ठरव आणि त्या पैशातून सहा महिन्यांचं घर चालेल एवढे बाजूला काढ. फिल्म घेताना कागद कर, मित्राची असली तरी, मित्राची असली तर नक्कीच. साइन करताना काही, शूटच्या पहिल्या दिवसाआधी काही, पॅकअपच्या दिवशी काही, आणि फक्त शेवटचा छोटा भाग ग्रेडनंतर. मी एकदा अर्धी रक्कम रिलीजनंतर घेईन म्हणून सही केली, ती फिल्म रिलीजच झाली नाही, निर्मात्याने नंतर फोन उचलणं बंद केलं. त्या कागदात अजून दोन ओळी घाल: बारा तासांवर काम गेलं तर काय, आणि ग्रेडिंगला मी हजर असेन. दुसरी ओळ लोक विसरतात आणि मग दोन महिने जागून लावलेला काळोख कुणीतरी मोबाइलवर दिसत नाही म्हणून वर ओढून टाकतं. फीमधून टीडीएस १० टक्के कापतात, तो खरंच भरलाय का हे इन्कम टॅक्सच्या साइटवर बघत जा, आणि वर्षाची उलाढाल २० लाखांवर गेली की जीएसटी.

आता तुझी क्लिप. दोन मिनिटांची आहे, गाणं लावलंय, ड्रोन आहे, नवरा-नवरी स्लो-मोशनमध्ये चालतायत, ते सगळं नीट आहे पण तसं सगळ्यांकडे आहे. मी एका जागी थांबलो. एक मिनिट दहा सेकंदांना नवरीचा बाप मंडपाच्या कडेला एकटा उभा आहे, हातात रिकामा ट्रे आहे, तो ट्रे कुठे ठेवायचा हे त्याला कळत नाहीये, आणि मागे वरात निघण्याची गडबड. तू तो शॉट चार सेकंदांत कापलायस. तुझ्याकडे मूळ फुटेज असेल, मला वाटतं तू तिथे बराच वेळ उभा होतास, कारण फ्रेम अजिबात हलत नाहीये. तो सलग काढ, गाणं काढून टाक, मंडपातला खरा आवाज ठेव, आणि शोरीलमध्ये (स्वतःच्या कामाचे निवडक शॉट दाखवणारा व्हिडिओ) सगळ्यात आधी तोच लाव, एक मिनिटाचा असेल तर एक मिनिट. त्याच्या डाव्या गालावर हिरवट आलंय ते मागच्या हिरव्या कनातीचं आहे, तेवढं ग्रेडमध्ये कमी कर, पूर्ण काढू नको. आणि तो मला परत पाठव.